अहिल्याबाई घाटावर टोकियोची बातमी

देवदिवाळी होऊन दोनच दिवस झाले होते. अहिल्याबाई घाटाच्या पायऱ्यांवर तेलाचे डाग तसेच होते आणि फुटक्या पणत्या झाडणारी माणसे अजून खालच्या पायरीपर्यंत पोचली नव्हती. काशीला मी यापूर्वी दोनदा आलो होतो, दोन्ही वेळा सरकारी कामाने, आणि दोन्ही वेळा दशाश्वमेधाची गर्दी पाहून परतलो होतो. या खेपेस मुद्दाम या घाटावर येऊन बसलो. दक्षिणेस मुन्शी घाट, त्यापलीकडे दरभंगा; उत्तरेस शीतला घाट आणि त्याला लागून दशाश्वमेध. मुन्शी घाट हादेखील मराठी राज्याचाच अवशेष आहे. नागपूरकर भोसल्यांच्या पदरी असलेल्या श्रीधर नारायण मुन्शी यांच्या नावाने तो ओळखला जातो. मराठी माणूस इथे परका नसतो, फक्त आपण घरात आहोत हे त्याच्या लक्षात येत नाही.

माझ्याजवळच एक वाटाड्या प्रवाशांच्या घोळक्याला हिंदीत सांगत होता, की अहिल्याबाई महाराणी फार धार्मिक होत्या, म्हणून त्यांनी हा घाट बांधला. वाक्य खोटे नाही. परंतु माझ्या मांडीवर पडलेल्या वर्तमानपत्रात टोकियोवरचा लेख होता, आणि त्या दोन गोष्टी एकदम कानी-डोळी पडल्यामुळे मन त्या वाक्यावर अडखळले. ऐन दिवाळीत, २१ ऑक्टोबर रोजी, सनाए ताकाइची जपानच्या पंतप्रधान झाल्या. त्या देशाच्या इतिहासातील त्या पहिल्या महिला पंतप्रधान. लेखात त्यांच्याविषयी दोन गोष्टी पुन्हापुन्हा येत होत्या: त्या शिंझो आबे यांच्या राजकीय वारसदार आहेत, आणि त्या मार्गारेट थॅचर यांना आदर्श मानतात. बाई स्वतः बत्तीस वर्षे काय करत होत्या, याला मजकुरात एक परिच्छेद मिळाला होता.

हेच आबे डिसेंबर २०१५ मध्ये पंतप्रधान मोदी यांच्यासमवेत शेजारच्या दशाश्वमेधावर गंगेची आरती पाहायला बसले होते. काशी आणि क्योतो यांच्यातील भागीदारीचा करार त्याच्या आदल्या वर्षी, ऑगस्ट २०१४ मध्ये झाला होता. आरतीच्या त्या संध्याकाळी ताकाइची आबे यांच्या मंत्रिमंडळात अंतर्गत व्यवहार व दळणवळण खात्याच्या मंत्री होत्या. जपानमधील स्थानिक स्वराज्य संस्था ज्या खात्याच्या अखत्यारीत येतात, ते हे खाते. म्हणजे वारसदार हा शब्द चुकीचा नसला, तरी त्यामागे फायली होत्या, अंदाजपत्रके होती, राज्यपालांशी आणि महापौरांशी केलेली घासाघीस होती. स्त्री सत्तेवर आली की तिची कारकीर्द कोणाच्या तरी छायेत किंवा कुठल्या तरी प्रभावळीत लपवण्याची सवय जगभर आहे. आपण ती अहिल्याबाईंच्या बाबतीत अडीचशे वर्षे जोपासली आहे.

मे २०२५ मध्ये अहिल्याबाईंच्या जन्माला तीनशे वर्षे पूर्ण झाली. चौंडीपासून महेश्वरपर्यंत समारंभ झाले, त्याआधीच अहमदनगर जिल्ह्याचे नाव बदलून अहिल्यानगर झाले होते. भाषणे झाली, आणि त्या भाषणांतून पिंड हाती घेतलेली, पांढऱ्या वस्त्रांतली पुण्यश्लोक देवी समोर आली. त्या प्रतिमेत मला खोट काढायची नाही. परंतु ज्या घाटावर मी बसलो होतो, तो घाट त्या प्रतिमेत पुरता मावत नाही.

तो बांधला गेला तेव्हा काशी कोणाची होती, हा प्रश्न आधी विचारला पाहिजे. १७७५ साली अयोध्येच्या नवाबाने बनारसचे सार्वभौमत्व इंग्रज ईस्ट इंडिया कंपनीला दिले. १७८१ मध्ये वॉरन हेस्टिंग्जने राजा चेतसिंगाला याच नगरीत कैद करण्याचा प्रयत्न केला, दंगल उसळली, आणि राजाला परागंदा व्हावे लागले. विश्वनाथाच्या मंदिराची नवी उभारणी १७८० च्या सुमाराची, आणि घाटाचे कामही त्याच आगेमागे. म्हणजे महेश्वरात बसलेली एक मराठा राज्यकर्ती, जिथे तिचा एक शिपाईही नव्हता अशा, कंपनीच्या ताब्यातील नगरात पाया खोदत होती. जागा मिळवायची, स्थानिक राजाला आणि कंपनीच्या अधिकाऱ्याला न दुखवता परवानगी घ्यायची, शेकडो कोसांवरून पैसा पाठवायचा, कारागिरांचा हिशेब तपासायचा, पुढच्या पूजाअर्चेसाठी कायमचे उत्पन्न लावून द्यायचे. मी छत्तीस वर्षे सरकारी नोकरी केली. दुसऱ्या राज्याच्या हद्दीत एक विश्रामगृह बांधायला किती पत्रव्यवहार लागतो, हे मला ठाऊक आहे.

या जागी तिच्या सासऱ्यांचा एक प्रसंग आठवतो. १७४२ मध्ये मल्हारराव होळकर फौजेसह काशीच्या परिसरात होते. १६६९ मध्ये औरंगजेबाच्या हुकमाने पाडलेल्या विश्वेश्वराच्या देवळाची जागा बळाने परत घ्यावी, असा त्यांचा मनसुबा होता. काशीतील ब्राह्मणांनीच विनवणी करून तो थांबवला. फौज आज आहे, उद्या निघून जाईल, मागे राहणाऱ्यांवर नवाबाचा कोप होईल, ही त्यांची भीती. सुनेने सुमारे चार दशकांनी, मशिदीला हात न लावता, तिच्या शेजारच्या जागेत देऊळ उभे केले. तलवारीला जे जमले नव्हते, ते वाटाघाटीने आणि खजिन्याने साधले. याला केवळ धार्मिकता म्हणायचे असेल तर म्हणावे. माझ्या लेखी ते परराष्ट्र व्यवहाराचे काम होते.

तिची कारकीर्द कशी घडली, हे पाहिले की आणखी काही गैरसमज दूर होतात. १७५४ मध्ये कुंभेरीच्या वेढ्यात खंडेराव पडले. मल्हाररावांनी सुनेला सती जाऊ दिले नाही, ही कथा शाळेच्या पुस्तकात असते. पुढची बारा वर्षे मात्र पुस्तकांतून गळतात, आणि माझ्या मते तीच सर्वांत महत्त्वाची आहेत. मल्हारराव मोहिमेवर असत आणि घरची वसुली, रसद, पत्रव्यवहार अहिल्याबाई पाहत. १७६५ सालचे सासऱ्यांचे एक पत्र उपलब्ध आहे. त्यात तिने ग्वाल्हेरच्या रोखाने कूच कसे करावे, तोफखान्याची व्यवस्था कशी लावावी, दारूगोळ्याची बेगमी किती ठेवावी, याच्या सूचना आहेत. एखाद्या विश्वासू सेनाधिकाऱ्याला लिहावे तसे ते पत्र आहे. बारा वर्षांची उमेदवारी तिच्या वाट्याला आली, आणि ती घडवून आणणारा माणूस दरबारातला सर्वांत अनुभवी सरदार होता.

मे १७६६ मध्ये मल्हारराव गेले. नातू मालेराव गादीवर आला आणि वर्षाच्या आतच वारला. मग जे घडले, ते आजच्या कोणत्याही मंत्रालयात ओळखू येईल. दिवाण गंगाधर यशवंत चंद्रचूड यांनी सुचवले, की बाईंनी एखादा लहान मुलगा दत्तक घ्यावा आणि कारभार आपल्यावर सोपवावा. तिने नकार दिला. दिवाणांनी राघोबादादांना हाताशी धरले आणि दादासाहेब फौजेसह क्षिप्रेच्या काठापर्यंत आले. स्त्रियांची पलटण उभी करून, हरलात तर तुमची शोभा होईल आणि जिंकलात तरी बाईवर विजय मिळवल्याची, असा निरोप तिने पाठवल्याची आख्यायिका प्रसिद्ध आहे. आख्यायिका खरी असो वा नसो, निकाल तिच्यामुळे लागला नाही. निकाल लागला तो तिने शेजारच्या सरदारांशी आणि पुण्यात माधवराव पेशव्यांशी वेळेत साधलेल्या संधानामुळे. माधवरावांनी काकाच्या विरोधात जाऊन तिची बाजू उचलून धरली. दादा परतले.

तडजोड अशी झाली: सुभेदारीची वस्त्रे तुकोजी होळकरांना मिळाली. फौज आणि मोहिमा त्यांच्याकडे, मुलूख आणि वसुली अहिल्याबाईंकडे. तुकोजी मल्हाररावांचे पुत्र नव्हते, तरी शिक्क्यात त्यांना पुत्र म्हणून स्थान मिळाले. याचा अर्थ नीट ध्यानात घ्यायला हवा. १७६७ ते १७९५ अशी अठ्ठावीस वर्षे जी स्त्री माळव्याचा कारभार पाहत होती, तिच्या नावे सुभेदारी नव्हती. पद एकाचे, अधिकार दुसऱ्याचा. तुकोजींना हिंदुस्थानात पैसा लागे, तो महेश्वराहून वेळेवर येत नसे. मग तक्रारी पुण्यास जात, आणि नाना फडणीसांना दोघांची समजूत घालावी लागे. या दुहेरी कारभाराने होळकरांच्या लष्करी बळाचे नुकसान केले, असे म्हणणारे इतिहासकार आहेत, आणि त्यांचे म्हणणे सहज झटकून टाकण्यासारखे नाही. शिंद्यांनी दबॉयच्या हाताखाली कवायती पलटणी उभ्या केल्या, तेव्हा होळकर मागे राहिले. त्याचा दोष एकट्या तुकोजींवर ढकलता येत नाही.

पण मग पद नसताना तिचा अधिकार टिकला कशावर? याचे उत्तर एका कोरड्या, हिशेबी शब्दात आहे: खासगी. १७३४ साली छत्रपतींच्या राज्यातील पेशव्यांकडून मल्हाररावांच्या पत्नी गौतमाबाई यांना स्वतंत्र जहागीर मिळाली होती, वार्षिक सुमारे ३ लाख रुपये उत्पन्नाची. ही दौलतीपासून वेगळी, घरातील स्त्रीच्या मालकीची. सासूकडून ती सुनेकडे आली. दौलतीच्या पैशाचा जाब पुण्याला द्यावा लागे, खासगीचा नाही. राघोबादादांनी त्या द्रव्यावर नजर टाकली, तेव्हा त्यावर तुळशीपत्र ठेवले आहे, दान म्हणून मागा तर देते, असे तिने उत्तर दिल्याची कथा आहे. काशीचा घाट, विश्वनाथाचे मंदिर, गयेचे विष्णुपद, सोमनाथ, रामेश्वरापासून हरिद्वारापर्यंतच्या विहिरी, धर्मशाळा, अन्नछत्रे यांना आधार होता तो या खासगीचा. ज्या स्त्रीला औपचारिक पद दिले गेले नव्हते, तिने आपल्या मालकीच्या उत्पन्नातून साऱ्या देशभर आपले नाव दगडात उभे केले. तुकोजी अनेक लढायांत होते. त्यांच्या नावाचा घाट शोधावा लागतो.

(जाता जाता: ही खासगी अजून संपलेली नाही. होळकर संस्थान विलीन झाल्यावर तिच्या मालमत्तांसाठी १९६२ मध्ये न्यास झाला, आणि त्यातील मालमत्तांच्या विक्रीवरून झालेला वाद सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. २०२२ मध्ये न्यायालयाने या न्यासाला मध्य प्रदेशाच्या सार्वजनिक न्यास कायद्याखाली आणले. इतिहासाच्या विद्यार्थ्याने कधीकधी न्यायनिर्णयही वाचावेत.)

तिच्या कारभाराचे वर्णन आपल्याला मुख्यतः जॉन माल्कम या कंपनीच्या अधिकाऱ्याने करून ठेवले. १८२३ साली प्रसिद्ध झालेल्या मध्य हिंदुस्थानावरील आपल्या ग्रंथासाठी त्याने, तिला पाहिलेली माणसे हयात असताना, माहिती गोळा केली. ती रोज खुल्या दरबारात बसे, पडद्याआड नव्हे. सारा माफक ठेवी, गावकामगारांचे आणि वतनदारांचे हक्क सांभाळी, गाऱ्हाणे स्वतः ऐके. हळव्या संताचे हे चित्र नाही. रामपुऱ्याच्या चंद्रावतांनी उठाव केला, तेव्हा तिने फौज पाठवून तो कठोरपणे मोडला. आणि तरीही तिच्या सत्तेला जिथे मर्यादा होती, ती मर्यादा तिच्या स्वतःच्या उंबरठ्यावर होती. १७९१ मध्ये जावई यशवंतराव फणसे वारले आणि मुलगी मुक्ताबाई सती गेली. जिला सासऱ्याने चितेवरून परत आणले होते, ती स्वतःच्या मुलीला परत आणू शकली नाही. माळव्यात तिचा शब्द चालत होता. रूढीपुढे तो चालला नाही.

ऑगस्ट १७९५ मध्ये अहिल्याबाई गेल्या. दोन वर्षांत तुकोजीही गेले. त्यांच्या मुलांत तंटा पेटला, पुण्याच्या दरबाराने आणि दौलतराव शिंद्यांनी त्यात हात घातला, आणि पुढची वर्षे यशवंतराव होळकरांच्या घोडदौडीत व लुटीत गेली. यशवंतरावांच्या मृत्यूनंतर १८११ पासून त्याच दौलतीचा कारभार पुन्हा एका स्त्रीकडे होता, तुळसाबाईकडे. डिसेंबर १८१७ मध्ये, महिदपूरच्या लढाईच्या आदल्या दिवशी, तिच्याच फौजेतल्या लोकांनी क्षिप्रेच्या काठी तिचा शिरच्छेद केला. अहिल्याबाईंच्या मृत्यूला तेव्हा फक्त बावीस वर्षे झाली होती. एका बाईने अठ्ठावीस वर्षे राज्य करून दाखवले, म्हणून पुढच्या बाईची वाट मोकळी होते असे नाही, याचा याहून क्रूर पुरावा मला मराठी इतिहासात सापडत नाही.

दुसरा, कमी क्रूर पुरावा या घाटावरून नावेने उत्तरेकडे गेले की दिसतो. मणिकर्णिकेपलीकडे शिंदे घाट आहे, १८३० च्या सुमारास बायजाबाई शिंदे यांनी बांधलेला. ज्ञानवापीच्या विहिरीवरचा खांबांचा मंडप त्यांचाच, १८२८ चा. कागलच्या घाटग्यांची ही लेक १८२७ मध्ये दौलतरावांच्या मृत्यूनंतर ग्वाल्हेरची राज्यकारभारी झाली. पैशाच्या व्यवहारात ती सावकारांना भारी पडे. कंपनी सरकारलाही तिने कर्ज दिले होते. सहा वर्षांनी, १८३३ मध्ये, दत्तकपुत्र जनकोजी आणि त्याच्या बाजूची फौज यांनी तिला ग्वाल्हेरबाहेर काढले. कंपनी बाजूला उभी राहून पाहत राहिली. मुलगा वयात येईपर्यंत तात्पुरती व्यवस्था, हीच तिच्या अधिकाराची व्याख्या होती, आणि ती व्याख्या तिच्यावरच उलटली. एका नदीच्या काठावर, मैलभराच्या आत, दोन मराठी राज्यकर्त्या स्त्रियांची बांधकामे आहेत. दोघींपैकी एकीलाही स्वतःच्या नावाने, निर्विवाद, वारसा सांगता येईल असे पद मिळाले नाही.

आता टोकियोकडे वळतो. ताकाइचींची गोष्ट एका बाबतीत अहिल्याबाईंच्या अगदी उलट आहे. जपानच्या राजकारणात घराण्यांचा सुळसुळाट आहे. आबे स्वतः पंतप्रधानाचे नातू होते. ऑक्टोबरमधील पक्षनिवडणुकीत ताकाइचींनी ज्यांना हरवले, ते शिंजिरो कोइझुमी माजी पंतप्रधानाचे पुत्र. ताकाइची नारा येथील सामान्य नोकरदार कुटुंबातल्या. १९९३ साली अपक्ष म्हणून त्या संसदेत आल्या, १९९६ मध्ये लिबरल डेमोक्रॅटिक पक्षात गेल्या. २००३ मध्ये हरल्या. २००५ मध्ये परत आल्या. २००६ मध्ये मंत्री, २०१२ मध्ये पक्षाच्या धोरण संशोधन मंडळाच्या अध्यक्ष. पक्षाध्यक्षपदासाठी २०२१ आणि २०२४ मध्ये अपयश, तिसऱ्या खेपेस यश. हरल्यानंतर परतण्याची सोय ज्या व्यवस्थेत असते, तिथेच अशी यादी तयार होते.

त्यांच्याविषयी मला फारसे ममत्व नाही, हे सांगून टाकतो. पती-पत्नींना वेगवेगळी आडनावे ठेवण्याची मुभा देणाऱ्या कायद्याला त्यांचा विरोध आहे, आणि राजसिंहासन पुरुषवंशातच राहावे असे त्या मानतात. जपानी कायद्याने नवराबायकोचे आडनाव एकच असावे लागते, आणि ते बहुतेक वेळा नवऱ्याचे असते. गंमत अशी, की घटस्फोटानंतर २०२१ मध्ये त्याच पतीशी पुन्हा विवाह केला, तेव्हा ताकाइची हे आडनाव त्यांच्या पतीने घेतले. मंत्रिमंडळात स्त्रियांचे प्रमाण उत्तर युरोपच्या तोडीचे ठेवीन, असे त्या म्हणाल्या होत्या. प्रत्यक्षात आणखी दोघीच आल्या. त्यातील सात्सुकी कातायामा देशाच्या पहिल्या महिला अर्थमंत्री आहेत, ही गोष्ट मात्र लहान नाही. खजिना कोणाच्या हाती, हे पाहायला खासगीच्या इतिहासाने मला शिकवले आहे.

त्यांच्याआधी तिथे ताकाको दोई होऊन गेल्या. १९८६ मध्ये त्या समाजवादी पक्षाच्या प्रमुख झाल्या. १९८९ मध्ये त्यांच्या नेतृत्वाखाली वरिष्ठ सभागृहात सत्ताधाऱ्यांचे बहुमत गेले, आणि त्या सभागृहाने पंतप्रधानपदासाठी दोईंच्याच नावाला पसंती दिली. राज्यघटनेनुसार कनिष्ठ सभागृहाचा कौल वरचढ ठरला आणि कैफु पंतप्रधान झाले. तेव्हा साऱ्या जगाने लिहिले, की जपान बदलला. एप्रिल १९४६ मध्ये, जपानी स्त्रियांनी पहिल्यांदा मतदान केले तेव्हा, ३९ स्त्रिया कनिष्ठ सभागृहात निवडून आल्या होत्या. हा आकडा ओलांडायला २००५ साल उजाडले. दोईंची लाट मधल्या काळात येऊन गेली होती. २०१८ मध्ये पक्षांनी स्त्री-पुरुष उमेदवार समसमान द्यावेत असा कायदा झाला, पण न देणाऱ्याला त्यात शिक्षा नाही. २०२४ च्या निवडणुकीत ४६५ पैकी ७३ स्त्रिया आल्या आणि तो उच्चांक ठरला.

हे आकडे वाचून आपण सुखावू नये. त्याच वर्षी आपल्या लोकसभेत ५४३ पैकी ७४ स्त्रिया निवडून आल्या, म्हणजे प्रमाण जपानहून कमीच. महाराष्ट्राच्या विधानसभेत २८८ पैकी २१. राज्याच्या स्थापनेला पासष्ट वर्षे झाली, मुख्यमंत्रिपदावर स्त्री बसलेली नाही. अहिल्याबाईंचे नाव जिल्ह्याला देणाऱ्या राज्याची ही स्थिती आहे.

जमेच्या बाजूला आपल्याकडे एक मोठी गोष्ट आहे, आणि ती जपानकडे नाही. ७३ व्या आणि ७४ व्या घटनादुरुस्तीने स्थानिक स्वराज्य संस्थांत स्त्रियांना एकतृतीयांश जागा दिल्या. महाराष्ट्राने २०११ मध्ये ते प्रमाण निम्म्यावर नेले. माझ्या नोकरीचा उत्तरार्ध या दुरुस्तीच्या सावलीत गेला, म्हणून तिच्याविषयी थोडे अनुभवाचे सांगतो.

मराठवाड्यातील एका गावी मी पाणीपुरवठा योजनेच्या पाहणीसाठी गेलो होतो. सरपंच बाई खुर्चीवर बसल्या होत्या, त्यांचे यजमान शेजारी उभे होते. मी एकेक प्रश्न विचारत गेलो आणि यजमान उत्तरे देत गेले. अर्ध्या तासाने विहिरीच्या पाण्याची पातळी उन्हाळ्यात किती खाली जाते, असे मी विचारले, तेव्हा यजमान चाचरले. बाई म्हणाल्या, "साहेब, ते मला विचारा. पाणी मी शेंदते." परतताना गाडीत माझ्या ध्यानात आले, की अर्धा तास मी प्रश्न विचारताना पाहत होतो ते यजमानांकडे. कोणी मला तसे करायला सांगितले नव्हते. सरपंचपती नावाच्या रोगाला आम्ही अधिकारी मंडळी फार नावे ठेवतो. तो पोसण्यात आमचा वाटा किती, हे कोणत्याही अहवालात येत नाही.

पुढे दोन वर्षे त्या बाईंशी कामानिमित्त संबंध आला. धनादेशावर सही करण्यापूर्वी त्या मोजमाप पुस्तिका मागवू लागल्या. ठेकेदाराचे एक देयक त्यांनी तीन महिने अडवून धरले, आणि पुढे चौकशीत त्यांचेच बरोबर निघाले. मुदत संपली. आरक्षण फिरते असते. पुढच्या सोडतीत सरपंचपद सर्वसाधारण झाले, आणि बाईंच्या घरातून उमेदवारी अर्ज भरला गेला तो यजमानांचा. बाईंनाच उभे का केले नाही, असे मी विचारले. खुल्या जागेवर बाईला कोण मत देणार, असे उत्तर मिळाले, आणि ते देणाऱ्याचा सूर कटू नव्हता, समजावणीचा होता.

अहिल्याबाईंना बारा वर्षे शिकायला आणि अठ्ठावीस वर्षे राबवायला मिळाली. ताकाइचींना हरून परत येण्यासकट बत्तीस. आमच्या सरपंच बाईंना पाच, त्यातील पहिली दोन यजमानांच्या मागे उभे राहण्यात गेली. फिरत्या आरक्षणाच्या बाजूने युक्तिवाद आहेत; एकाच मतदारसंघावर कायमचा भार नको, अधिकाधिक स्त्रियांना संधी मिळावी, हे मलाही पटते. तरी ज्या रचनेत शिकलेली बाई नेमकी शिकून होते त्याच वेळी बाहेर पडते, त्या रचनेतून विधानसभेकडे जाणारी रांग तयार होत नाही. पक्षांनी खुल्या जागांवर अनुभवी स्त्रियांना उमेदवारी दिली तर हा दोष भरून निघेल. पक्ष ती देत नाहीत. किमान दोन सलग मुदतींनंतर आरक्षण फिरवावे, ही सूचना मी नोकरीत असताना एका टिपणीत केली होती. टिपणी कुठल्या कपाटात आहे, ते मला माहीत नाही.

आणि ही पाच वर्षेही हमखास मिळतात असे नाही. मार्च २०२२ पासून पुढे काही वर्षे मुंबई महापालिकेत निवडून आलेला एकही नगरसेवक नव्हता. राज्यातील बहुतेक महापालिका, जिल्हा परिषदा, नगरपरिषदा इतर मागासवर्गीयांच्या आरक्षणाच्या न्यायालयीन वादात अडकून वर्षानुवर्षे प्रशासकांच्या हाती राहिल्या. मे २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने खडसावल्यावर कुठे डिसेंबर २०२५ मध्ये नगरपरिषदांचे मतदान झाले. या साऱ्या काळात निम्म्या जागा स्त्रियांना, हे कायद्यात लिहिलेले होतेच. निम्मे शून्य म्हणजे शून्य. ते प्रशासक माझ्याच सेवेतील, त्यातले काही माझ्या हाताखाली शिकलेले, कामाला चोख आहेत. पण शहरांच्या राजकारणात उतरलेल्या स्त्रियांच्या एका अख्ख्या पिढीची तीन-साडेतीन वर्षे या कालावधीत गळाली, आणि त्याबद्दल कोठे मोर्चा निघाल्याचे मी पाहिले नाही.

सप्टेंबर २०२३ मध्ये संसदेने १०६ वी घटनादुरुस्ती जवळजवळ एकमताने मंजूर केली. लोकसभा आणि विधानसभांत एकतृतीयांश जागा स्त्रियांना. अंमल कधी, हे नव्या अनुच्छेद ३३४-अ मध्ये आहे: कायदा लागू झाल्यानंतरच्या पहिल्या जनगणनेचे आकडे प्रसिद्ध झाल्यावर, त्या आधारे मतदारसंघांची पुनर्रचना झाल्यावर. जनगणनेची संदर्भतारीख १ मार्च २०२७ ठरली आहे. आकडे येणार, मग पुनर्रचना आयोग, मग उत्तर आणि दक्षिण यांच्यातील जागावाटपाचा वाद. अंमल सुरू झाल्यापासून पंधरा वर्षांनी आरक्षण संपेल, आणि राखीव जागा पुढच्या प्रत्येक पुनर्रचनेनंतर फिरतील, असेही तिथेच लिहिले आहे. गावात जी पाच वर्षांची चक्री आम्ही पाहिली, तिचा फेरा इथे मोठा आहे एवढेच. आणि जनगणनेशी सांगड घालण्याचे प्रशासकीय कारण मी बरेच शोधले. आहे त्या मतदारसंघांतून एकतृतीयांश जागा सोडतीने काढता आल्या असत्या, नगरपालिकांत आम्ही ते दर खेपेस करतो.

ऊन वर आले. घोळका घेऊन आलेला वाटाड्या परतताना माझ्याजवळ थांबला आणि कुठून आलात म्हणून विचारू लागला. पुण्याहून, असे सांगितल्यावर त्याने हात जोडून मातोश्रींच्या राज्यातले आहात म्हणाला. मी त्याला विचारले, की त्या राज्य कुठे करत होत्या, माहीत आहे का. "इंदौर," तो म्हणाला. महेश्वर, मी म्हणालो, आणि रोज दरबारात बसून. त्याने मान डोलावली, पुढच्या गटाला ते सांगेन म्हणाला, आणि दशाश्वमेधाकडे चालू लागला.